शिट्टीसाहेबांच्या शेजारी

चिऊने शिट्टी फुंकली आणि अख्खा मजला हसायला लागला.

हे तिला नवीन नव्हतं. आग लागली तर इमारतीतून बाहेर कसं पडायचं याची तालीम लोकांकडून करून घ्यायची, हे तिचं काम. आज बँक, उद्या गोदाम, परवा शाळा. ओळखपत्रावर हुद्दा चांगला लांबलचक होता, पण लोक म्हणायचे ड्रिलवाल्या मॅडम. घरी मात्र ती अजून चिऊच होती. नाव चिऊ आणि आवाज असा, की लहानपणी शेजारचे लोक घड्याळ न लावता तिच्या हाकेवर उठायचे. पण अलीकडे त्या आवाजाचं काही चालेनासं झालं होतं. शिट्टी वाजली रे वाजली, की मागच्या कुठल्यातरी टेबलावरून घसा बसल्यासारख्या आवाजात कुणीतरी म्हणायचं, "घाबरू नका. मी घाबरलोय, तेवढं पुरे आहे." मग हसून हसून सगळ्यांची मुरकुंडी वळायची. आणि मुरकुंडी वळलेली माणसं जिने उतरत नाहीत.

हे वाक्य शिट्टीसाहेबांचं. शिट्टीसाहेब म्हणजे टीव्हीवरच्या एका मालिकेतले आगसुरक्षा अधिकारी. मालिकेने सोंग घेतलं होतं माहितीपटाचं. जणू खराखुरा कॅमेरा एका खऱ्याखुऱ्या ऑफिसात या गृहस्थांच्या मागेमागे फिरतोय, आणि ते पोट पुढे काढून, जाड मिशीवरून बोट फिरवत, आग विझवायच्या नळकांड्याचा उपयोग दार अडवायला कसा होतो ते गंभीर चेहऱ्याने समजावून सांगताहेत. साहेब शिट्टी वाजवायचे, कुणी जागचं हलायचं नाही, मग साहेब हळूच कॅमेऱ्याकडे बघून ते वाक्य टाकायचे. बस्स, एवढ्यावर लोक वेडे झाले. पगार लांबला की हिशेबनीस ते वाक्य बोलायचा. इंजेक्शन देताना डॉक्टर बोलायचे. पोरं वाढदिवसाला कागदी मिशा लावून नाचायची. आतून भित्रा आणि वरून रुबाब करणारा कुणी दिसला, की 'अगदी शिट्टीसाहेब आहे झालं' म्हणायची पद्धतच पडली. सगळ्या जगाची मजा झाली. पोटावर पाय आला तो एकट्या चिऊच्या.

तर त्या दिवशी ती एका रेकॉर्डिंग स्टुडिओच्या इमारतीत होती. हशा ओसरायची वाट न बघता ती तणतणत जिना उतरली. बाहेर पाऊस लागून राहिला होता. मागच्या अंगणात 'येथे जमावे' अशी पाटी होती आणि त्या पाटीखाली एक माणूस उभा होता. एकटाच. छत्री नाही, डोक्यावर रुमाल नाही, केसांतलं पाणी ओघळून नाकाच्या शेंड्यावर आलेलं.

"तुम्ही इथे काय करताय?"

"शिट्टी वाजली ना... म्हणून आलो."

"एकटेच?"

"बाकीचे हसतायत."

"आणि तुम्हाला नाही आलं हसू?"

त्याने नाकावरचं पाणी पुसलं. "मला त्या विनोदाचं हसू येत नाही. माझाच आहे तो."

चिऊ बघत राहिली. ना पोट, ना मिशी, ना चष्मा. सरळ नाकाचा, झोप अपुरी झाल्यासारखा दिसणारा एक तरुण. तिचा विश्वास बसत नाही हे त्याच्या लक्षात आलं असावं. त्याने मान किंचित तिरकी केली आणि हळू, अगदी तिच्यापुरतं, ते वाक्य म्हणून दाखवलं. तोच आवाज होता.

मग चिऊने तोंड सोडलं. पहिलीतली पोरं ड्रिलला जमिनीवर लोळतात इथपासून सुरुवात करून ती म्हणाली, "तुम्ही कधी जळालेली इमारत आतून पाहिलीये? मी पाहिलीये. माणसं जाळाने कमी मरतात, धुराने जास्त. आणि सापडतात कुठे, माहितीये? दाराशी. हातभर अंतरावर. थोडी आधी उठली असती तर..." तो मुकाट्याने ऐकत होता. सबब नाही, सारवासारव नाही.

"संपलं?" त्याने विचारलं.

"नाही."

"मग छत्रीत या. भिजताय तुम्ही."

"छत्री कुठेय?"

त्याने आपल्या रिकाम्या हातांकडे पाहिलं. "हो की."

हसायचं नाही असं ठरवलेलं असूनही चिऊला ओठ दाबून धरावे लागले.

"आता वर जाऊ का मी?"

"मी सोडल्याशिवाय जायचं नसतं."

"बरं," तो म्हणाला, आणि जरा थांबून, "मग... लगेच सोडू नका."

पुढच्या ड्रिलला, एका गोदामाच्या आवारात, तो पाटीखाली आधीच हजर. या वेळी छत्री घेऊन.

"तुम्ही इथे नोकरीला नाही," चिऊ म्हणाली.

"तुमच्या ऑफिसात फोन केला. म्हटलं, मला ड्रिल शिकायचीये, मॅडम कुठे भेटतील."

"आणि त्यांनी सांगितलं?"

"आवाज बदलून विचारलं. तेवढं येतं मला."

असं करत करत तो येतच राहिला. शूटिंग नसलं की ड्रिल. ड्रिल झाली की जवळचं एखादं कँटीन, दोन कप चहा, आणि एकमेकांना चिमटे काढणं. चिऊ चहात साखर ढवळत म्हणायची, "तुमचं काम बरं आहे, एकच वाक्य पाठ." तो म्हणायचा, "तुमचं त्याहून बरं, तेवढंही नाही. नुसतं फुंकायचं." मग दोघंही कपात बघत बसायची, कारण वर पाहिलं तर काय होईल याची दोघांनाही कल्पना होती.

मालिका कशी सुचली तेही त्याने असंच एका कँटीनमध्ये सांगितलं. नट होण्याआधी तो एका ऑफिसात रात्रंदिवस फोन घ्यायचा. माणसं वेळेआधी सटकतात म्हणून तिथल्या मागच्या दाराला कुलूप असायचं. एका संध्याकाळी वायर जळाली, धूर झाला, आणि रखवालदाराला किल्ली सापडेना. "कुणी मेलं नाही," तो म्हणाला. "म्हणून मग कुणी काही बोललंच नाही. मी मालकांना लाज वाटावी म्हणून शिट्टीसाहेब लिहिले, मॅडम. मालकांनी काय केलं? साहेबांचं चित्र छापलेले कप कर्मचाऱ्यांना भेट दिले." हे सांगताना तो हसला नाही. चिऊने टेबलावरचा हात जरा पुढे सरकवला. त्याचा हात तिथेच होता.

आईला भेटायला म्हणून ती त्याला घरी घेऊन गेली, तेव्हा वेगळंच झालं. आई मालिकेची भक्त, आणि तो कोण ते चिऊने तिला आधीच सांगून ठेवलं होतं. तो दारातून आत येऊन म्हणाला, "पाणी मिळेल का?" आणि आई तोंडावर हात धरून हसत सुटली. "प्रवासात जरा चक्कर आली," तो म्हणाला. आईच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं हसून. "अगं चिऊ, कसं बोलतात बघ," ती म्हणाली. त्याने चिऊकडे पाहिलं. पाण्याचा पेला तिनेच आणून दिला.

"हे असंच असतं का नेहमी?" खाली सोडायला आल्यावर तिने विचारलं.

"दातांच्या डॉक्टरकडेसुद्धा. दुखतंय म्हटलं की तो हसतो." मग तो फाटकाची कडी उगाच वरखाली करत राहिला. "तुम्ही हसत नाही. म्हणून तर..."

"म्हणून तर काय?"

"म्हणून तर येतो... चिऊ."

"मॅडम म्हणा," ती म्हणाली. पण गाल तापले होते, आणि ते त्याला दिसलं होतं.

शिवणकामाचा एक मोठा कारखाना होता. तिसऱ्या मजल्यावर यंत्रांच्या रांगा, मधे कापडाचे ढीग, टोकाला इस्त्रीची टेबलं. सगळ्या बायका. मागचं दार चिऊने मालकाशी भांडभांड भांडून उघडं ठेवायला लावलं होतं, वाटेतली खोकी हलवून घेतली होती. दार होतं, जिना होता, फक्त माणसं जागची उठत नव्हती. शिट्टी वाजली की यंत्रं थांबायची, एकमेकींना टाळ्या दिल्या जायच्या, ते वाक्य होऊन जायचं, आणि पुन्हा यंत्रं सुरू.

"तुम्ही याल का?" चिऊने त्याला विचारलं. "साहेब होऊन. मिशी, पोट, सगळं लावून."

तो म्हणाला, "नको. लोक हसतील."

"हसू देत. हसत हसत का होईना, खाली तर येतील."

"मॅडम, मी त्यातून बाहेर पडायला बघतोय. तुम्ही मला परत आत..."

"एकदाच."

हा शब्द तिचा होता. पुढे कितीतरी दिवस तो तिच्या कानांत राहिला.

तो आला. शिट्टी वाजली आणि दारातून शिट्टीसाहेब आत शिरले. मजल्यावर जो काही गोंधळ उडाला, त्याला तोड नाही. साहेब पुढे, मागे सगळ्या बायका, हातांत फोन, जिन्यावर हशाचे लोंढे. पण एकूण एक जण खाली. मागे कुणी उरलं नाही. चिऊच्या नोकरीत असं पहिल्यांदाच घडलं होतं. तिचे वरिष्ठ खूश, मालक खूश, आणि 'एकदाच'चं पुन्हा पुन्हा झालं. इतर कारखान्यांतून मागणी आली. दर वेळी साहेब यायचे, दर वेळी सगळे खाली यायचे.

आणि खरं सांगायचं तर चिऊच्या आयुष्यातले सुखाचे दिवस ते हेच. ड्रिल संपली की जिन्याखालच्या अंधाऱ्या कोपऱ्यात तो मिशी उपटायचा. डिंकाने ओठाच्या वर लाल चट्टा उठायचा. चिऊ रुमाल ओला करून तिथे धरायची. दोघांच्या मधे एवढीशी जागा उरायची आणि दोघंही श्वास जपून घ्यायची.

"झोंबतंय?"

"नाही," तो म्हणायचा. "म्हणजे... हो. धरा अजून थोडा वेळ."

शिवणकारखान्यातल्या इस्त्रीवाल्या काकूंनी त्यांना तिथे एकदा पाहिलं. काकू म्हणजे मजल्यावरचं मोठं माणूस, बोलायला फटकळ. चिऊने मजल्याची जबाबदारी त्यांच्यावरच सोपवली होती. आगीची खबर लागली की शिट्टी काकूंनी वाजवायची. काकू कमरेवर हात ठेवून म्हणाल्या, "साहेब, आमच्या मॅडमला पटवलंत ते पटवलंत. आता नीट सांभाळा. नाहीतर इस्त्री गरमच असते माझी."

"घाबरलोय काकू," तो म्हणाला. काकू हसल्या, तो हसला आणि चिऊसुद्धा पहिल्यांदा त्याच्या बोलण्यावर मनापासून हसली.

शिवणकारखान्याला आग लागली तेव्हा भर दुपार होती. चिऊ आणि तो कँटीनमध्ये बसले होते. त्याला काहीतरी विचारायचं होतं, आणि काय विचारायचंय ते तिला ठाऊक होतं, म्हणून ती मुद्दामच दुसरं दुसरं बोलत होती. तेवढ्यात फोन आला.

पोचली तेव्हा रस्ता बंद केला होता. तिसऱ्या मजल्याच्या खिडक्यांमधून काळा धूर निघत होता. खाली बायका बसल्या होत्या, चेहरे काळे, कुणी खोकतंय, कुणी नुसतंच समोर बघतंय. चिऊ एकेकीचा चेहरा बघत फिरली. काकू दिसेनात.

नेमकं काय झालं ते तिला इस्पितळात कळलं. काज-बटणाच्या यंत्रावर बसणारी एक पोरगी, दोन्ही हातांना पट्ट्या. चिऊला बघून तिने तोंड फिरवलं. मग फिरवलेल्या तोंडानेच ती बोलू लागली.

"काकूंनी शिट्टी वाजवली. आम्हाला वाटलं... साहेब येतायत."

चिऊ खाटेच्या कडेवर बसली.

"आम्ही फोन काढले, मॅडम. दाराकडे तोंड करून उभ्या राहिलो. माझ्या शेजारची केस नीट करत होती, व्हिडिओत चांगली दिसावी म्हणून. काकू ओरडत होत्या, पळा गं, खरंच आहे, पळा. आम्हाला वाटलं काकू पण सामील झाल्यात नाटकात. किती छान करतायत म्हणून हसलो आम्ही. टाळ्या वाजवल्या." तिचा आवाज अगदी बारीक झाला. "मग त्या ओढायला लागल्या एकेकीला. मला दंडाला धरून ढकललं. जिन्यात शिरले तेव्हा त्या परत आत गेल्या होत्या."

सहा जणी आणि काकू. दाराशीच सापडल्या. दार उघडं होतं.

चिऊ इस्पितळाच्या जिन्यात येऊन बसली. तो तिथेच उभा होता, भिंतीला टेकून. दाराबाहेर थांबून त्याने सगळं ऐकलं होतं.

"मी नको म्हटलं होतं," असं तो म्हणू शकला असता. तो म्हणाला नाही, तेव्हाही नाही आणि नंतरही कधी नाही. चिऊला उलट वाटलं, म्हटलं असतं तर बरं झालं असतं. तिला कुणीतरी बोल लावायला हवा होता.

"तुमचा दोष नाही," ती म्हणाली.

"तुमचाही नाही."

दोघांनाही ते खोटं वाटलं. त्याने शेजारी बसून तिचा हात धरला आणि तिने तो धरू दिला. त्या जिन्यात ती दोघं बराच वेळ तशीच बसून राहिली, कारण उठून कुठे जायचं ते कुणालाच सुचत नव्हतं.

शोकसभा एका शाळेच्या सभागृहात होती. खुर्च्या भरून लोक भिंतीला लागून उभे. मालक बोलले, कामगारांच्या वतीने कुणीतरी बोललं. मग तो उठला. बोलू नका असं चिऊने त्याला आदल्या दिवशी सांगितलं होतं. पण त्याच्याने राहवेना. पांढरा सदरा, दाढी वाढलेली, कुठे मिशी नाही, पोट नाही. पण आगीच्या बातम्यांनी एव्हाना त्याचा खरा चेहराही घरोघरी पोचवला होता.

"मला माफ करा," तो माईकवर म्हणाला. रडून त्याचा घसा बसला होता, आणि आवाज नेमका तोच निघाला.

मागच्या रांगेत कुणीतरी फिसकन हसलं. त्या माणसाला हसायचं नसावं. त्याने लगेच तोंड दाबलं. पण ते दाबलेलं हसू शेजाऱ्याला लागलं, तिथून पुढच्या रांगेत आलं. लोक माना खाली घालत होते, ओठ चावत होते, खांदे हलत होते. एक बाई रडत होती आणि रडता रडताच हसत होती. तिचं तिलाच कळत नव्हतं हे काय होतंय. दोनतीन फोन वर झाले. तो माईक धरून उभा होता. पुढचं वाक्य त्याच्या तोंडातून निघेना.

काकूंचा मुलगा, चांगला धिप्पाड माणूस, ट्रक चालवणारा, पहिल्या रांगेतून उठून त्याच्याजवळ गेला. सभागृहाला वाटलं, आता हा मारतोय. पण त्याने नुसता त्याच्या पाठीवर हात ठेवला.

"साहेब, खाली उतरा," तो म्हणाला. "तुम्ही खरंच रडताय, कळतंय मला. पण बघवत नाही हो. माझ्या आईच्या सभेत लोक हसतायत."

तो उतरला. चिऊ त्याला गर्दीतून बाहेर घेऊन गेली. फाटकाशी कुणीतरी त्याच्याबरोबर फोटो मागितला.

कामाला तर जावंच लागतं. चिऊ एका औषधांच्या कारखान्यात ड्रिलला गेली. आगीची बातमी सगळ्यांनी वाचली होती, मालकाने सुरुवातीला उभं राहून शांतताही पाळायला लावली. मग चिऊने शिट्टी ओठांना लावली. अजून वाजवलीही नव्हती, तेवढ्यात कोपऱ्यातून आवाज आला, "साहेब नाही आले का, मॅडम? आज एकट्याच?"

सगळा हॉल हसला. दुष्टपणा नव्हता त्यात, तिलाही ते दिसत होतं. हसणारी माणसं चांगली होती, घरी लेकरं असणारी होती. पण ती चिऊला बघून हसत होती. आता साहेबांची गरजच राहिली नव्हती. ती दिसली तरी पुरे होतं.

आई म्हणाली, "सोड ही नोकरी. लग्न करा, दूर कुठेतरी राहा. किती दिवस छातीवर हे ओझं घेऊन हिंडणार आहेस?"

आई काही चुकीचं बोलत नव्हती. चिऊने तो विचार अगदी मनापासून केला. दूरचं गाव, छोटंसं घर, सकाळी तो चहा करतोय, पाणी मागितल्यावर कुणी हसत नाहीये. तिने त्या घराला पडदेसुद्धा लावून पाहिले. मग शिवणकारखान्यातली ती पट्ट्यांची पोरगी फोनवर म्हणाली, "नव्या जागेत काम सुरू होतंय. बायका वर जायला घाबरतात. तुम्हीच या, मॅडम. दुसरं कुणी नको." चिऊ फोन ठेवून पलंगावर बसली आणि तिला रडू कोसळलं, कारण उत्तर तिला मिळालं होतं.

तो तिला भेटायला आला तेव्हा पाऊस होता. बसथांब्याच्या पत्र्याखाली दोघं उभी राहिली. छत्री होती, पण तिच्यात दोघांनी शिरावं असं दोघांनाही वाटलं नाही.

"मी सोडलं काम," तो म्हणाला. "पुढचा भाग करणार नाही म्हणून कळवलं."

"मग?"

"मग काय. दुसरा नट घेतलाय त्यांनी. मिशी तीच, पोट तेच." त्याने पावसाकडे पाहिलं. "मला वाटलं होतं, मी थांबलो की ते थांबेल."

चिऊने मान हलवली.

"दूर एका ठिकाणी आवाज रेकॉर्ड करायचं काम मिळतंय. तिथे ही भाषा कुणाला येत नाही. मालिका कुणी पाहिली नाही. तुम्ही..." तो अडखळला. "त्या दिवशी कँटीनमध्ये विचारायचं होतं ते आता विचारतो. याल माझ्याबरोबर?"

"नाही."

"मग मी इथे राहतो. घरात बसतो. तुमच्या ड्रिलच्या आसपास फिरकणार नाही."

"तुम्ही इथे असलात तर मी तुम्हाला भेटल्याशिवाय राहणार नाही," चिऊ म्हणाली. "मी ओळखते मला. आणि कुणीतरी बघेलच. मग मी शिट्टीसाहेबांची बायको. शिट्टी तोंडाला लावायच्या आधीच लोक हसतील. हसू देत, मला त्याचं काही नाही. पण हसणारं माणूस उठत नाही हो. आपण पाहिलंय ते."

"तुमच्याऐवजी दुसरं कुणी घेईल ड्रिल."

"त्या बायकांना मी शिकवलंय असं. हसत हसत या, असं मीच शिकवलं. ते पुसायचं कामही मलाच केलं पाहिजे."

पत्र्यावर पाऊस वाजत होता. त्याच्या ओठावर तो लाल चट्टा आता नव्हता. चिऊला वाटलं, हात लावून बघावं. तिने लावला. त्याने डोळे मिटले.

"एक सांगा," मिटल्या डोळ्यांनीच तो म्हणाला. "हे नसतं झालं... तर?"

"तर मी त्या दिवशी दुसरं दुसरं बोलत बसले नसते. हो म्हणाले असते लगेच. माझं प्रेम आहे तुमच्यावर. इतकं कुणावर नाही, आणि आता होणारही नाही. म्हणून सांगते, माझ्या शेजारी उभे राहू नका. तुम्ही शेजारी असलात की मला दुसरं काही दिसत नाही, आणि लोकांना तर अजिबातच दिसत नाही."

बस आली. तो चढला. खिडकीशी जागा मिळाली तरी त्याने वळून पाहिलं नाही, आणि हे तो तिच्यासाठी करतोय हे तिला कळलं. बस वळणावर दिसेनाशी झाल्यावर चिऊ तिथेच, थांब्यावरच्या चार लोकांसमोर, हुंदके देऊन रडली. एका म्हाताऱ्याने न बोलता बाकावर तिच्यासाठी जागा केली.

नव्या कारखान्यात ड्रिल झाली ती सकाळी. तळमजला आणि वर एकच मजला, रुंद जिना, भिंतीवर मोठा भोंगा. चिऊने आदल्या दिवशी सगळ्यांना गोळा करून काय करायचं ते सांगितलं होतं. कुणीही काही विचारलं नव्हतं.

भोंगा वाजला. यंत्रं एकदम थांबली. बायका उठल्या. कुणाच्या हातात फोन नाही, कुणी शेजारणीकडे बघितलं नाही. एकीमागे एक, पुढचीच्या खांद्यावर हात ठेवून, त्या जिन्याने उतरू लागल्या. चपलांचा तेवढा आवाज. पट्ट्या सुटलेली ती पोरगी सगळ्यात शेवटी आली. आत कुणी उरलं नाही ना, हे तिने दारातून वळून नीट बघितलं, आणि मग ती उतरली.

अंगणात सगळ्या रांगेत उभ्या राहिल्या. सगळ्या आल्या होत्या. इतकी चांगली ड्रिल चिऊने कधी पाहिली नव्हती, हातून झालीही नव्हती. एवढ्यासाठीच तर तिने ती बस जाऊ दिली होती. ती समोर उभी राहून एकेकीचा चेहरा बघत गेली. कुठेच काही हललं नाही. वाऱ्याने एकीचे केस डोळ्यांवर आले, तिने ते बाजूलासुद्धा केले नाहीत.

"छान," चिऊ म्हणाली. "खूप छान केलंत."

कुणी काही बोललं नाही. आणि चिऊला वाटलं, एकीने तरी हसावं. कुणीही, कशालाही, अगदी तिलाच बघून का होईना. ती थांबली, बराच वेळ थांबली, आणि मग तिने त्यांना सोडलं.